पडदा धरून उभं राहू नका

पलटणीनं पंधरा वर्षांत हंबीररावाला एक गोष्ट पक्की शिकवली होती: हुकूम द्यायचा तो गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू जाईल असा द्यायचा. पासष्टची लढाई आटोपून, हवालदारकीची पेन्शन घेऊन गडी कोरेगावजवळच्या आपल्या गावी परतला खरा, पण हुकूम सोडायला समोर होती एकटी बायको, आणि हरणाबाई काही ऐकून घेणाऱ्यांतली नव्हती. "आवं, ही काय तुमची बराक न्हाई," असं म्हणून ती खुशाल भाकरी थापत बसायची. त्यामुळे मिरजेच्या डॉक्टरांनी एक कामगिरी त्याच्या अंगावर टाकली तेव्हा काळजीच्या पोटात त्याला थोडं बरंही वाटलं.

कामगिरी होती आईच्या डोळ्याची. राहीबाईच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. डावा गेल्या साली काढला, आणि तो गेला. डॉक्टरचा त्यात काडीचा दोष नव्हता. म्हातारी घरी आल्यावर चार दिवसांत फुंकणी घेऊन चुलीपुढं बसली, पाचव्या दिवशी गोठ्यात शिरली. त्यातून गुऱ्हाळाचे दिवस. दोन वावरांपलीकडं काहिली रटरटत होती आणि गुळाच्या वासानं साऱ्या मुलखाच्या माशा गावात मुक्कामाला आल्या होत्या. पट्टीखाली माशी शिरली, डोळा पिकला, आणि पंधरवड्यात पांढराफटक झाला. हंबीरराव तेव्हा सरहद्दीवर होता. त्याला पत्र पोचलं तोवर सगळं होऊन गेलं होतं. आपण घरी असतो तर, ही बोच त्याच्या मनातून काही केल्या जात नव्हती.

आता उरला होता उजवा. परत गुऱ्हाळाचेच दिवस होते, पण या वेळी हंबीरराव घरी होता. मिरजेच्या दवाखान्यात तो पंधरा दिवस आईच्या खाटेखाली सतरंजी टाकून झोपला. निघताना डॉक्टरांनी बजावलं, महिनाभर पट्टी सोडायची नाही. धूर नको, वाकणं नको, माशी तर जवळसुद्धा फिरकता कामा नये. आणि रडायचं नाही. हे शेवटचं ऐकून हंबीररावाला हसू आलं. त्याची आई नवरा गेला त्या दिवशी रडली असेल तेवढीच. एरवी तिनं दुसऱ्यांना रडवलं होतं.

कोरेगाव स्टेशनावर उतरून बैलगाडीनं आईला घरी आणली, माजघरात खाट टाकली, चूल परसात हलवली, आणि हंबीररावानं ट्रंकेतून आपली पलटणीतली मच्छरदाणी बाहेर काढली. हिरवट रंगाची, घोंगडीसारखी जाड वाटावी अशी घट्ट विणीची. हरणाबाईचा तिच्यावर केव्हाचा डोळा होता. नवऱ्यानं तीत कात्री घातली तसा तिचा जीव तुटला.

"आवं, चांगली मच्छरदाणी फाडताय व्हय?"

"पडदा करतोय. दाराला. माशीला बंदी."

"माशीला पडदा! हितं मानसाला लुगडं मिळंना."

पुढच्या दाराच्या चौकटीला वरून बांबूची एक कामटी ठोकायची आणि तिला जाळी लावून खाली सोडायची, असा साधा बेत होता. सुताराला बोलवा असं हरणाबाई म्हणाली, तर हवालदारानं तिच्याकडं असं पाहिलं की तिनं दुसऱ्यांदा सुचवलं नाही. निम्म्याहून जास्त खिळे वाकले. एकदा हातोडी अंगठ्यावर बसली. सांजेपर्यंत पडदा दारात लोंबायला लागला, आणि हंबीरराव चार पावलं मागं जाऊन, कमरेवर हात ठेवून त्याच्याकडं बघत राहिला. पडदा डावीकडं वीतभर आखूड होता आणि उजवीकडं उंबऱ्यावर लोळत होता. पण ते त्याच्या डोळ्याला दिसत नव्हतं. आपलं पोर कुणाला तिरळं दिसतं?

दुसऱ्या दिवशी सारी आळी पडदा बघायला लोटली. लोक लग्नातला आहेर चाचपावा तशी जाळी चाचपत होते. शेजारची आक्काताई तर एका हातानं पडदा वर धरून, निम्मी आत निम्मी बाहेर, चांगला घटकाभर गप्पा मारत उभी राहिली. राहीबाईची चौकशी झाली, मिरजेची झाली, मिरजेच्या पाण्याची झाली. तेवढ्या वेळात तिच्या काखेखालून शेपाचशे माशा घरात शिरल्या असतील. हंबीररावाचं डोकं सणकलं. तो माजघरातून गरजला,

"आत तरी या, न्हाईतर भाईर तरी ऱ्हावा! पडदा धरून उबं ऱ्हायाचं न्हाई!"

आक्काताई टुणकन बाहेर पडली. त्या दिवसापासून घराला तो कायदा झाला. कुणाचंही बोट जाळीला लागलं की आतून हुकूम सुटायचा. कुणी पटकन आत येई, कुणी "जातो बाबा" म्हणत मागं फिरे. माशा मात्र कमी झाल्या, हे वैऱ्यानंही कबूल केलं असतं. जाळीखालच्या फटीतून येत होत्या तेवढ्यांना हंबीरराव आईच्या उशाला बसून फडक्यानं वारत होता. बाईमाणसासारखं काम करतोय म्हणून पारावर लोक हसले. त्यानं त्यांना हसू दिलं.

असे पाच-सहा दिवस गेले. एका दुपारी तो दाराकडं पाठ करून आईला वारा घालत होता, तेवढ्यात जाळी सळसळली. त्यानं मानही न वळवता सवयीनं हुकूम सोडला. "आत तरी या, न्हाईतर भाईर तरी ऱ्हावा!" क्षणभर काहीच झालं नाही. मग जाळी अलगद खाली पडली आणि पावलं लांब गेली. लोकांना वळण लागलं म्हणून हंबीरराव खूश झाला.

राहीबाई त्या रात्री जेवली नाही. भूक नाही म्हणाली. दुसऱ्या दिवशी हूं का चूं नाही. आणि तिसऱ्या दिवशी सकाळी हंबीरराव उशाशी गेला तर पट्टीची खालची कड ओली.

गेल्या साली हरणाबाईनं लिहवून घेतलेल्या पत्रात असंच होतं: आधी पट्टी ओली झाली, मग पिवळी. शिरली म्हणायची कुठली तरी माशी! एवढा पहारा करून शिरली! त्यानं बोटानं पट्टीची कड चाचपली, बोट उजेडात धरून पाहिलं. पिवळं नव्हतं. नितळ पाणी होतं.

"आई, तू रडतीयास?"

"न्हाई."

"मग हे काय?"

"डोळ्याला पानी येतंय. त्याला मी काय करू?"

हंबीरराव खाटेच्या कडेला बसला. पंधरा वर्षं त्यानं पोरसवदा शिपायांची रडं ऐकली होती, घरची आठवण काढून रडणाऱ्यांना दरडावलंही होतं. आईला काय म्हणावं हे त्याला कळेना.

"दुखतंय का?"

तिनं तोंड भिंतीकडं वळवलं. मग म्हणाली, "भामी आली हुती."

"कवा?"

"परवा दिशी. भांगलणीतनं पयल्यांदाच सवड गावली तिला. तिचं पाऊल वळखतो मी, उजवा पाय घासत चालती ती. पडदा धरला तिनं. आन् तू वरडलास."

हंबीररावाच्या हातातलं फडकं तसंच राहिलं.

भामाबाई बौद्धवाड्यातली. राहीबाई सून होऊन या घरात आली त्या सालापासून दोघी एकाच सरीत भांगलत आलेल्या. चाळीस वर्षं. दोघींच्या जिभा सारख्याच तिखट आणि दोघींच्या गप्पांचा विषयही एकच, तो म्हणजे सारं गाव. राहीबाईची नजर गेल्यापासून भामाबाई रोज दुपारी येऊन बाहेरच्या पायरीवर बसायची आणि राहीबाई उंबऱ्याच्या आत. रस्त्यानं कोण चाललं, कुणाच्या अंगावर कसलं लुगडं आहे, कुणाची म्हैस कुणाच्या उसात शिरली, ते भामाबाई बघायची आणि राहीबाई ऐकायची. पण उंबऱ्याच्या आत भामाबाई कधी आली नव्हती. तिला कुणी ये म्हटलं नव्हतं. तिच्यासाठी एक कान तुटलेला कप वळचणीला खोचलेला असायचा. दहा वर्षांपूर्वी तिच्या घरानं बुद्धाचा धर्म घेतला, त्या दिवसापासून तिनं तो कप हातात धरला नाही. चहा विचारला की म्हणायची, "आत्ताच पिऊन आलो." दहा वर्षं ती रोज आत्ताच पिऊन येत होती, आणि राहीबाईनं कधी खोलात जाऊन विचारलं नाही. कप वळचणीलाच होता.

आता पडद्याच्या घराला पायरी आणि उंबरा यांच्यामधली जागाच उरली नव्हती. एक तर आत, नाहीतर बाहेर. आत यायची भामाबाईला वहिवाट नव्हती. म्हणून ती हुकमाप्रमाणं बाहेर राहिली.

"मला ठावं नव्हतं ती हाय म्हणून," हंबीरराव म्हणाला.

"ठावं असतं तर काय म्हणला असतास?" आईनं विचारलं.

त्याला मिरजेचे दिवस आठवले. भामाबाईचा पोरगा सोपान माधवनगरच्या गिरणीत कामाला होता. तो रोज सायकल मारत दवाखान्यात डबा घेऊन यायचा. "मावशी, जेवा," म्हणून राहीबाईच्या हातात भाकरीचा तुकडा द्यायचा आणि मग तो आणि हंबीरराव त्याच डब्यात जेवायचे. पहिल्या दिवशी राहीबाईनं विचारलं होतं, भाकरी कुणाच्या हातची? सोपान म्हणाला, माझ्या बायकोच्या. "लय मऊ हाय," एवढंच ती बोलली होती, आणि पंधरा दिवस जेवली होती. कोरेगावला गाडीतून उतरल्यावर त्या भाकरीचं नाव कुणी काढलं नाही. हंबीररावानंही नाही. पलटणीच्या लंगरात तो साऱ्या जातींच्या शिपायांच्या मांडीला मांडी लावून जेवला होता, पण गावच्या शिवेत पाऊल टाकलं की तो पलटणीतला हंबीरराव बहुधा शिवेवरच थांबत असावा. स्वतःची लाज वाटली त्याला, आणि वाटायलाच हवी होती.

त्यानं हरणाबाईला उशाशी बसवलं, पायात वहाणा अडकवल्या आणि भर दुपारी बौद्धवाड्याची वाट धरली. पारावरच्या माना वळल्या. वळू देत.

भामाबाईचं दार उघडं होतं. आत भिंतीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर, सारवलेली जमीन, कोपऱ्यात घासून लख्ख केलेली भांडी. भामाबाई खाली बसून चिंचा फोडत होती. हंबीरराव दारात जाऊन थांबला. चौकटीला हात लावून, निम्मा उन्हात, निम्मा सावलीत. तिला काय म्हणून हाक मारावी हेच त्याला उमजेना. लहानपणी आईचं ऐकून तोही 'भामे' म्हणायचा. आता साठीच्या बाईला पस्तिशीच्या माणसानं तसं म्हणायचं?

भामाबाईनं वर पाहिलं. चिंच फोडायची काही थांबली नाही.

"हवालदार," ती म्हणाली, "आत तरी या, न्हाईतर भाईर तरी ऱ्हावा. दार धरून उबं ऱ्हायाचं न्हाई. माज्या घरात बी माशा येत्यात."

हंबीररावाचे कान तापले. मान खाली घालून तो आत गेला आणि तिनं पुढं सरकवलेल्या पाटावर बसला. तिनं तांब्याभांडं ठेवलं. तो पाणी प्यायला. तेवढं झाल्यावर तिचा चेहरा जरासा सैलावला.

"वैनीचा डोळा कसा हाय?"

"रडतीया ती. डाक्टरनं सांगितलंय, रडली तर डोळा जाईल." त्यानं भांडं खाली ठेवलं. "मावशी, चल. आत येऊन बस तिच्यापाशी."

'मावशी' हा शब्द सोपानचा होता. तो आपल्या तोंडून इतका सहज येईल असं त्याला वाटलं नव्हतं. भामाबाईनंही तो ऐकला, पण एवढ्यानं विरघळणारी बाई नव्हती ती.

"माज्या सुनंच्या हातची भाकरी पंधरा दिस ग्वाड लागली तुमच्या घराला," ती म्हणाली. "चाळीस वर्सांत मला कुनी आत ये म्हनलं न्हाई. आता डोळ्यावर आलं म्हनून बोलवायला आलास व्हय? उद्या डोळा बरा हुईल. पडदा काढशील. मग मी पुन्यांदा पायरीवर?"

खोटं बोलून तिला घेऊन जाता आलं असतं, पण तिच्यासमोर ते जमणारं नव्हतं.

"आईचं मी कसं सांगू?" तो अखेर म्हणाला. "माज्यापुरतं सांगतो. मी असताना न्हाई."

भामाबाईनं राहिलेल्या दोन चिंचा फोडल्या. मग चिंचोके ओंजळीत घेऊन एका फडक्यात बांधले आणि उठली. "तुज्यासाठनं येत न्हाई," ती म्हणाली. "तिचा डोळा हाय म्हनून येतो."

घराशी आल्यावर तिनं आधी पडद्याकडं पाहिलं. वरून खाली, डावीकडून उजवीकडं.

"ह्यो कुनी लावला?"

"मी."

"वाटलंच. आरं, वारा आला की फुगून ह्याचं पाल हुतंय. खालच्या काठाला वजन नगं? सुई-दोरा आन."

तिनं पायरीवर बसूनच जाळीची खालची कड दुमडली आणि त्या दुमडीत एकेक चिंचोका घालून टाके घालत गेली. डावीकडची आखूड बाजू उसवून सरळ केली. उजवीकडं जे लोळत होतं ते कापून तिकडं जोड दिला. अर्ध्या तासात पडदा उंबऱ्याला असा चिकटून बसला की मुंगी आत जाईना. हरणाबाई मधूनमधून नवऱ्याकडं बघत होती, आणि तो दुसरीकडं बघत होता.

दोरा दातानं तोडून भामाबाई उठली. तिनं पडदा धरला, आणि तशीच थांबली. एवढा वेळ तिखट बोलणारी बाई, पण तिचा पाय उंबऱ्याशी अडखळला. समोरच्या दारातून आक्काताई डोळे फाडून बघत होती. हंबीररावाला काही तरी बोलावंसं वाटलं. पण त्याच्याआधी माजघरातून राहीबाईचा आवाज आला, महिन्याभरात नव्हता तसा खणखणीत.

"भामे, पडदा धरून उबी ऱ्हाऊ नगंस! ह्यो हंबीऱ्या वरडतोय!"

भामाबाई आत गेली. पडदा तिच्या मागं चिंचोक्यांच्या वजनानं सरळ खाली आला.

हरणाबाईनं चहा केला. कपाट उघडून ती घुटमळली, एकदा वळचणीकडं नजर गेली, एकदा नवऱ्याकडं. मग तिनं घरच्याच दोन कपबश्या काढल्या, एकीवर फुलं असलेली, आणि खाटेजवळ नेऊन ठेवल्या. "आत्ताच पिऊन आलो," असं भामाबाई म्हणते की काय, म्हणून हंबीरराव तिच्याकडं बघत राहिला. तिनं कपबशी उचलली, फुलं नीट न्याहाळली आणि बशीत ओतून चहा प्यायली. मग राहीबाईची पट्टी कोरड्या फडक्यानं टिपून म्हणाली, "आता रडलीस तर बघ. आक्कातैनं काल कसलं लुगडं घातलं हुतं, सांगू का नगं?"

"सांग की," राहीबाई म्हणाली.

त्या दिवसानंतर पट्टी ओली झाली नाही. रोज दुपारी पडदा सळसळायचा आणि हंबीरराव हुकूम सोडायचा नाही. घासत येणारं पाऊल त्यालाही ओळखू यायला लागलं होतं.

महिन्यानं मिरजेला पट्टी सुटली. डोळा वाचला होता. पुढं काही दिवसांनी जाड भिंगाचा चष्मा आला, आणि राहीबाई बैलगाडीच्या कण्यापासून कावळ्याच्या चोचीपर्यंत सगळ्याला नावं ठेवू लागली. होळी झाली, गुऱ्हाळं बंद पडली, माशा पांगल्या. पडद्यानं घरात उजेड येत नाही अशी हरणाबाईची भुणभुण सुरू झाली. डोळा बरा झाला, आता कशाला, हे खरंच होतं. एका दुपारी हंबीरराव स्टुलावर चढला आणि पकडीनं खिळे उपटायला लागला. जाळी खाली आली, चिंचोके जमिनीवर खुळखुळले.

तेवढ्यात भामाबाई आली.

पायरीवर येऊन तिनं हात पुढं केला. हात रिकाम्या हवेत गेला. तिनं वर स्टुलावर पाहिलं, खाली पडलेल्या जाळीकडं पाहिलं, आणि हात मागं घेतला. पदर सावरून ती पायरीवर टेकायला वाकली.

हंबीररावाला तिचा प्रश्न आठवला. तो घाईघाईनं स्टुलावरून उतरायला लागला. आईकडं बघायची त्याला भीती वाटत होती. राहीबाई आत सोप्यात बसली होती, जाड भिंगांतून डोळा मोठा दिसत होता, आणि त्या डोळ्यानं ती पायरीकडं बघत होती. चाळीस वर्षं सोबत केलेल्या बाईला तिनं नव्यानं मिळालेल्या नजरेनं नीट पाहिलं. भामाबाईचे केस तिला वाटत होते त्याहून पुष्कळ पांढरे झाले होते.

"भामे," ती म्हणाली, "उबी ऱ्हाऊ नगंस तितं. आत ये."

"पडदा तर काडला, वैनी. आता कसल्या माशा?"

"नसनात माशा. आत ये म्हनतो न्हवं."

हुकमाचा दुसरा भाग राहीबाईनं उच्चारलाच नाही. हंबीरराव तो ऐकायला थांबला होता, आणि तो आला नाही तेव्हा त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. त्याला कुणी डॉक्टरनं मनाई केली नव्हती.

भामाबाई सरळ झाली. उंबरा ओलांडताना तिनं स्टुलाला हाताचा टेकू दिला आणि म्हणाली, "हवालदार, जपून उतर. ती कामटी माज्या टकुऱ्यात घालशील."